रिझल्टच्या आधीचे पेढे: स्टेट कॉलेज ते सॅन अँटोनियो

ऐंशीच्या दशकात मी पेनसिल्व्हेनियातल्या स्टेट कॉलेज नावाच्या गावी शिकत होते. एक दिवस माझी रूममेट ल्युपे हिच्या वडिलांचं मेक्सिकोहून पत्र आलं. त्यांनी दिग्दर्शित केलेला पहिला सिनेमा टेक्सासमध्ये, सॅन अँटोनियोला लागणार होता. 'ये' एवढंच खाली लिहिलं होतं. ल्युपेने पत्र ड्रॉवरमध्ये टाकलं. तिच्या वडिलांनी वीस वर्षं स्वस्तातल्या भयपटांत मुखवटा चढवून राक्षसाची कामं केली होती. शाळेत पोरं चिडवायची, म्हणून इथे ती सगळ्यांना सांगायची की वडील कारखान्यात आहेत. खरं फक्त मला माहीत होतं, आणि गप्प बसणं माझ्या स्वभावात नाही.

"तू नाही आलीस तर मी एकटी जाईन," मी म्हटलं. तिची जुनी गाडी निघाली ती तिसऱ्या दिवशी पोचली.

तुम्ही जाणार असाल तर टेनेसीतून जा, डोंगर फार देखणे आहेत. तेव्हा मोटेल वीस-बावीस डॉलरला मिळायचं. आम्ही तिखटमिठाच्या पुऱ्यांवर निभावलं आणि एक मुक्काम नॅशव्हिलला ओळखीच्या काकूंकडे केला.

"अगं, पिक्चर बघायला एवढं ड्राइव्ह करताय? कॅन्सल करा आणि इथेच राहा," काकू म्हणाल्या. मी ऐकत नाही म्हटल्यावर त्यांनीच मिल्क पावडर काढली आणि डबाभर पेढे वळून दिले.

टेक्सास लागल्यावर ल्युपे हळूच म्हणाली, "लोक हसले तर मी उठून जाईन, आय स्वेअर." टेक्सास काही केल्या संपत नाही. सॅन अँटोनियोत अंडं-बटाटा भरलेला टॉर्टिया मात्र जरूर खा, घरच्या पोळीची आठवण येते.

दुपारचा शो होता. ल्युपे गाडी पार्क करायला गेली आणि मी रांगेत पेढे वाटायला लागले. पेढे रिझल्टनंतर वाटतात हे कळत होतं, पण राहवेना. दारातल्या टकल्या डोअरकीपरलाही एक दिला.

"माझ्या मैत्रिणीच्या वडिलांचा सिनेमा आहे. फार मोठे डायरेक्टर आहेत."

"मैत्रीण आलीय?" त्याने मोडक्या इंग्रजीत विचारलं.

"आलीय की. तीन दिवस ड्राइव्ह करून."

त्याने पेढा रुमालात गुंडाळून खिशात ठेवला. "नंतर खातो," म्हणाला आणि आत निघून गेला.

सिनेमा भुताचाच होता. पण हे भूत रोज घरच्यांच्या जेवणाच्या टेबलाशी येऊन बसतं आणि कुणालाच दिसत नाही. सुरुवातीला मागून कुणीतरी हसलं. ल्युपेने माझा हात घट्ट धरला, पण ती उठली नाही. शेवटी शेजारच्या आजी डोळे पुसत होत्या आणि सगळा हॉल उभा राहून टाळ्या वाजवत होता. माझाच ऊर अभिमानाने भरून आला.

मग माझा डोअरकीपर स्टेजवर चढला. मुखवट्यामागचा तो चेहरा मी कधी पाहिलाच नव्हता. मी ओशाळून डबा पाठीमागे लपवला. ल्युपे मात्र रडत रडत दिसेल त्याला सांगत सुटली, "माझे पपा आहेत." खाली आल्यावर त्यांनी रुमाल सोडला, पेढ्याचे दोन तुकडे केले आणि मोठा तिला दिला.

आम्ही परत निघताना त्यांनी या सिनेमाचं पोस्टर दिलं. ते ल्युपेने जपून ठेवलं. आमच्या खोलीच्या भिंतीवर लावला तो तिच्या ट्रंकेच्या तळातला जुना फोटो, हिरव्या खवल्यांच्या राक्षसाचा. आल्यागेल्याने विचारलं, की ती चहा बाजूला ठेवून सांगायची, "माझे वडील. आता डायरेक्टर आहेत, पण आधी हे."