नको, आताच घेतला

सोमवारी सकाळी पायल पोह्याला फोडणी देत होती. तिची आई जनकाबाई मेथी निवडता निवडता म्हणाली, "मीठ टाकलं का? कालपासून तुह्यं ध्यान नाही."

"टाकलं ना," म्हणत पायलने दुसऱ्यांदा मीठ टाकलं. तेवढ्यात कडी वाजली.

दारात किसनराव. तिच्या रविवारच्या नाटकाच्या वर्गातून अर्ध्यावर उठून गेले, तेच. तिला कालपासून तेच टोचत होतं.

पायल याच वऱ्हाडी गावची, उंद्रीची. पुण्यात नोकरी सांभाळून नऊ वर्षं तिने रंगमंचावर इम्प्रॉव केलं. त्यात संहिता नाही, पाठांतर नाही. समोरचा जे देईल ते घ्यायचं आणि पुढे न्यायचं. तिने तोंड उघडलं की लोक हसत. ते विनोदाला कमी आणि तिच्या 'मले-तुले'ला जास्त हसतात, हे फार उशिरा लक्षात आलं. आईचे गुडघे थकले तशी ती परतली आणि शाळेच्या एका खोलीत तिने वर्ग काढला. गाव त्याला म्हणतं, 'पायलचं आयत्या वेळचं नाटक'.

पण पुण्याचा पहिलाच नियम इथे अडला: समोरच्याला नाही म्हणायचं नाही. आपल्याकडे पहिल्या झटक्यात हो म्हणतं कोण? "चहा घ्या" म्हटलं की "नको, आताच घेतला", आणि प्रसंग तिथेच आडवा. शेवटी पायलने दंडक घातला, कोणी 'नको' म्हटलं तर दुसऱ्याने ते खरं धरायचं आणि पुढे जायचं.

काल अंगणवाडीतली जयमाला नाटकात किसनरावांची बायको झाली होती.

"चहा मांडू का?"

"नको, आताच घेतला."

"बरं, राहू द्या मंग," म्हणत जयमाला खोटी भांडी घासायला बसली. किसनराव तिच्या पाठीकडे बघत राहिले. मग टोपी उचलून निघून गेले. त्यांच्या खऱ्या बायकोला, झुंबरबाईला जाऊन अजून वर्षही झालं नव्हतं.

"या काका, चहा टाकते," पायल म्हणाली.

"नको, आताच घेतला."

पायलचा हात पातेल्यावरच थांबला. जनकाबाईने मेथीतून मान वर केली नाही. "कोनं देल्ला? तुमची सून त अजून आंगण झाडून राह्यली. टाक वं पायल."

"नको म्हन्तो ना, बाई."

"अर्धा कप."

"बरं. अर्धाच."

पूर्ण कप बशीत ओतून, फुंकर मारत त्यांनी संपवला. खारट पोहेही खाल्ले.

"काका, काल माह्यं चुकलं."

"तुह्यं काय चुकलं, पोरी? जयमालेचंही नाही." त्यांनी बशी पुसल्यासारखं तिच्यावरून बोट फिरवलं. "माही बुढी एका डावात आयकतच नव्हती. म्हणून त मले नको म्हनाची सवय लागली. बेचाळीस वर्षं."

ते उठले, दारात चपला घालताना थांबले.

"रविवारी येतो मी. फकत एक करजा. मी नको म्हटलं का लगेच आयकू नका. अजून एक डाव इचारा."