जिंकत असताना मागितलेली बरोबरी

ग्रुपवरच्या बुद्धिबळवाल्यांनो, आजचं घरी सांगायची हिंमत नाही, म्हणून इथे लिहितो.

सकाळी आपल्या शहरातल्या महाल भागातल्या एका हॉलमध्ये स्पर्धा होती. माझ्यासमोर नऊ वर्षांची मुलगी. खुर्चीवरून तिचे पाय जमिनीला टेकत नव्हते.

मी एकोणचाळीसचा. इंटरनॅशनल मास्टर व्हायला तीन नॉर्म लागतात, म्हणजे मोठ्या स्पर्धांतल्या तीन तगड्या कामगिऱ्या. माझे दोन आहेत. बारा वर्षांपासून दोनच आहेत. तिसरा शेवटच्या फेरीत गेला. जिंकत होतो, घाबरलो आणि ड्रॉ घेतला.

आजही डाव माझाच होता. तरी मी ड्रॉ विचारला. तिने लगेच हात पुढे केला.

बाहेर पाणी पीत होतो तर ती आली. "काका, तुम्ही तर जिंकून राहिले होते. ड्रॉ काहून मागितला?"

"मले दिसलंच नाही वं."

"चार चालीत मात होती. मी तर रडणारच होती."

मागे तिचे वडील उभे होते. म्हणाले, "सर, हिले शिकवता का? तुमच्याएवढं खेळणारं इथं कोण आहे?"

संध्याकाळी फोन करतो म्हणालो. अजून केलेला नाही.

खरं सांगतो, त्या चारही चाली मला दिसल्या होत्या. दोनदा मोजल्या. हातच पुढे गेला नाही. आता तो जाईल असं वाटतही नाही.

चाली मी तिला शिकवीन हो. पण रोज माझ्यासमोर बसून ती आणखी काय शिकेल?