अकरा महिन्यांचा उशीर

हे मी आजवर कुणालाही सांगितलेलं नाही. मुदतीआधी निवृत्ती घेतली, तेव्हाही नाही.

नव्वदच्या दशकाची अखेर. मी वसईत फौजदार होतो. राजोडीच्या किनाऱ्यावरून एका विधवा कोळणीच्या होडीचं इंजिन चोरीला गेलं. खबऱ्याने नायगावच्या एका गॅरेजचं नाव सांगितलं आणि तिथे ते सापडलं. नंबर घासलेला होता. गॅरेजला ते विकणाऱ्या चोराला पकडून ठाण्यात दुपारभर बसवून ठेवलं. चहा पाजल्यावर तो बोलला, "नंबर घासला, साहेब. पण खालच्या पायाला वेल्डिंगचा टाका आहे, तो कसा काढणार?" टाका नवऱ्याने मारून घेतला होता, हे बाईने फिर्यादीतच सांगितलं होतं.

गॅरेजवाल्याने बिल दाखवून कोर्टात इंजिन मागितलं. मॅजिस्ट्रेटनी बाईला नोटीस काढली. ती बजावायचं काम आमचं. त्या आठवड्यात सगळे बंदोबस्तात अडकलेले. मी टेबलाशी बसूनच आमच्या हवालदारांच्या नावाने अहवाल लिहिला : घरास कुलूप, नोटीस दारावर चिकटवली.

हवालदार म्हणाले, "साहेब, मी गेलोच नाही तिकडे."

"करा हो सही. जाऊन काय वेगळं होणार आहे?"

बाई हजर नाही, म्हणून टाका न तपासताच, न विकण्याचं बंधपत्र घेऊन इंजिन गॅरेजवाल्याला मिळालं.

अकरा महिन्यांनी बाई ठाण्यात आली. "साहेब, माजं इंजिन कवा मिलनार? होडी वालूत पडलीय."

आदेश कधीच झाला होता. सत्र न्यायालयात दाद मागायची मुदत नव्वद दिवसांची, ती उलटून गेलेली. उशीर माफ झाला नाही, तर टाका कुणी बघणारच नव्हतं.

बाईने उशीर माफीचा अर्ज केला. सुनावणीत सत्र न्यायाधीशांनी अहवाल वाचून तिला विचारलं, "घराला कुलूप होतं?"

"कुलूप? ही तारीख बघा साहेब. तवा बोंबील वलांडीवर सुकत असतात. कावले-कुत्रे हाकायला कोनतरी घरी बसतंच. कुलूप लावून जाईल कोन?"

न्यायाधीशांनी हवालदारांकडे पाहिलं. त्यांनी माझ्याकडे. मी फाईल चाळत राहिलो.

"चूक झाली, साहेब. मी गेलो नव्हतो," हवालदार म्हणाले.

उशीर माफ झाला, जुना आदेश रद्द झाला. फेरसुनावणीत टाका पाहिला गेला आणि इंजिन राजोडीला परतलं. होडी पाण्यात उतरली तेव्हा मी मुद्दाम गेलो होतो. बाईने पाटीभर बोंबील पुढे केले, "घ्या साहेब, कुलपात ठेवा." मी हसलो. इतकं हलकं मला नोकरीत फार कमी वेळा वाटलं. आजही ती होडी आठवली की बरं वाटतं.

हवालदारांना लेखी ठपका मिळाला. कोर्टाच्या पायऱ्यांवर मला म्हणाले होते, "माझी दोनच वर्षं उरलीत. तुम्हाला अजून पुढे जायचंय." मी गेलो पुढे. बढतीही घेतली.

उशिरा येणाऱ्याला कोर्ट आधी कारण विचारतं, हे मी तेव्हा शिकलो. बाईकडे सांगण्यासारखं कारण होतं. माझ्याकडे नाही.

हवालदार आता आचोळ्याला मुलीकडे राहतात. तो अहवाल माझा होता, हे वरिष्ठांना लिहून देऊन त्यांच्या सेवापुस्तकातला ठपका पुसून घेणं माझ्याकडून अजून बाकी आहे.