पोतं पाठीवर देणारा

आमच्या खाणावळीसाठी मी दर गुरुवारी मार्केट यार्डात बटाटे आणायला जातो. तिथल्या एका हमालाचं नाव मी कधी विचारलं नाही. पन्नाशीचा माणूस. बोलण्याआधी डोक्यावरचा रुमाल घट्ट करायचा.

त्याच्या शेठचं शेजारच्या गाळेवाल्याशी दोन गाळ्यांमधल्या हातभर जागेवरून भांडण होतं. शेठ लोक समोरासमोर आले की हसून नमस्कार करत. भांडायला हमाल होते.

एका गुरुवारी शेठने खुर्चीतूनच हुकूम सोडला, "त्याची पोती उचल आणि रस्त्यावर टाक."

याने रुमाल घट्ट केला आणि शेजारच्या गाळ्याच्याच हमालाला हाक मारली, "ये रे, हात लाव." भरलेलं पोतं एकट्याला पाठीवर घेता येत नाही, दुसऱ्याने द्यावं लागतं. त्याने आपल्याच शेठची पोती निमूटपणे याच्या पाठीवर दिली. थोड्या वेळाने तिकडूनही तसाच हुकूम सुटला. मग याने परतफेड केली. दुपारपर्यंत दोन्ही ढीग रस्त्यावर होते.

नंतर दोघे टपरीवर चहा पीत बसले, मीही तिथेच होतो. तिथल्या टीव्हीवर एका लहान देशात बॉम्ब पडत होते आणि कोणी तज्ज्ञ सांगत होता, खरी लढाई दोन मोठ्या देशांची आहे.

मी म्हटलं, "तुमच्यासारखंच की हे."

त्याने पहिल्यांदाच रुमाल सोडला. कपाळापासून मागपर्यंत टाक्यांची खूण होती.

"पहिल्यांदा आम्हीबी खरंच भांडलो हुतो," तो म्हणाला. "दोघांचीबी डोकी फुटली. दोन्ही शेठ एकाच गाडीतनं दवाखान्यात बघाया आले. तवापासनं आम्ही एकमेकाला इचारून भांडतो."