इस्लापूरहून आणलेल्या घटका

गौरम्माला अख्खं गाव भीत असे, आणि अख्खं गाव तिच्याच हातांवर जन्मलेलं होतं. चाकूरपासून दोन कोसांवरचं गाव. बाळंतपणाला बोलावणं आलं की ती आधी बाप्यांना अंगणाबाहेर हाकलायची, मग पदर खोचायची, मग सासूला चार शिव्या हासडायची. "तू तोंड मिट, म्हंजी ती मोकळी हुईल!" नवरा बसलिंगप्पा ऐन तिशीत गेला, तेव्हा ती रडली नाही असं लोक सांगतात. लोकांच्या काय बापाचं जातंय सांगायला! रडली, पण गोठ्यात. एकुलत्या एका सिद्धरामाला वाढवला आणि औशाची शिवकांता त्याला करून आणली.

आता तो काळ कसा होता ते सांगितल्याशिवाय पुढं जाता येत नाही. तेव्हा वेळ जिवंत होती आणि शिवारात राहायची. घटका म्हणजे तुरीच्या फुलाएवढ्या पिवळ्या पाकोळ्या. तळ्याकाठच्या लिंबांवर त्यांचे थवे असायचे. विरजणाच्या गाडग्यावर चार बसल्या की दही लागायचं, कणसावर बसल्या की दाणा भरायचा, लेकरावर बसल्या की लेकरू वाढायचं. बसलेली घटका खपून जायची, तळ्याच्या ओलीत दुसरी निपजायची. हे सगळं पाण्यावर चाललंय, हे पाणी होतं तोवर कुणाच्या ध्यानातही आलं नाही.

मग दुष्काळ पडला. तळं आटलं आणि घटका उठून गेल्या. सूर्य आपला उगवायचा, मावळायचा, त्याला काय धाड भरलीय! पण खाली काहीच पुढं सरकेना. विरजलेलं दूध आठ-आठ दिवस दूधच. ठेच लागली तर जखम ओलीच. मरण टळलं म्हणून म्हातारे आधी खूश झाले, मग खोकलाही सरेना तेव्हा देवाला शिव्या घालायला लागले. भूक तेवढी मेली न चुकता लागायची.

आणि शिवकांताला नववा महिना लागलेला. लागला तो लागलाच. पाच महिने झाले तरी नववा सरेना. पाय सुजून खांबाएवढे झाले, कुशीवर वळता येईना. पोर आत लाथा मारायचं, म्हणजे जीव होता. "आत्याबाई, ह्याला भाईर काढा, न्हाईतर मला तरी मारा," ती म्हणायची. साऱ्या गावाला मोकळं करणारी बाई घरच्या सुनेपुढं हात चोळत बसली. हातात कसब होतं, पण कसबालाही घटका लागतात.

घटका इस्लापूरकडं, सहस्रकुंडाला गेल्या असं कानावर आलं. तिथल्या धबधब्याची धार बारीक झाली होती, पण तुटली नव्हती. लोक टोपल्या घेऊन जायचे आणि रिकाम्या घेऊन यायचे. घटका धरता येत नाहीत, त्या आपणहून बसतात, आणि धसमुसळ्या हातावर तर मुळीच बसत नाहीत. सिद्धराम दोनदा जाऊन हात हलवत परत आला होता. गौरम्माचे हात मात्र जन्मभर ओल्या, नवख्या जिवांखाली राहिलेले. ती तीन दिवस खडकावर टोपली मांडीवर घेऊन बसली. हलली नाही, मिश्रीसुद्धा लावली नाही. तिसऱ्या दिवशी टोपली काठोकाठ भरली. तिनं वर ओलं फडकं बांधलं आणि येष्टी धरली. एवढ्या घटकांत पहिलटकरीण सुखानं मोकळी झाली असती, वर लेकराच्या पाचवीपर्यंत पुरल्या असत्या.

जाताना लोह्याच्या पुढं माळावर नुसत्या बाभळी होत्या. येताना तिथं आडवा बांबू आणि एक टेबल. मधल्या दिवसांत नवा जिल्हा झाला होता. गाडी रिकामी करून सगळ्यांना रांगेत बसवलं. टेबलामागचा कारकून वसंतराव माणूस वाईट नव्हता, म्हणून तर त्याच्याशी भांडताही येईना.

"मावशी, घटका नांदेडच्या. तुमचं गाव आता लातुरात. परवान्याबिगर सोडता येत न्हाई."

"मंग दे की परवाना."

"शिक्काच न्हाई. लातूरहून निघालाय, येऊन राहिलाय."

"माझी सून अडून बसलीय रं बाबा!"

"मला कळून राहिलं, मावशी. माझ्या हातात असतं तर सोडलं असतं." ज्यांच्या हातात काही नाही अशीच माणसं नेमकी अशा जागी बसवतात. काय हिकमत म्हणावी!

गौरम्मा टोपली पोटाशी धरून बसली. रांगेतल्या बाकी टोपल्या रिकाम्याच. शेजारी शेषेराव नावाचे म्हातारे गुरुजी होते, पायाची जखम चार महिने ओली. त्यांनी मागितलं काही नाही, नुसतं टोपलीकडं पाहिलं.

आणि इथं गौरम्मा चुकली. तिच्या घरी दासोहाचा नेम होता. समोरचा उपाशी असताना आपल्यापुढचं झाकून ठेवायचं नाही, 'नाही' म्हटलं तर गळ्यातल्या लिंगाला लाज. दुष्काळातही तिनं अर्ध्या भाकरीतली अर्धी दिली होती. तिनं फडक्याची गाठ सैल केली. दोन घटका गुरुजींच्या पायावर बसल्या आणि जखमेवर खपली धरली. म्हातारा ढसाढसा रडला. झालं! एकाला दिल्यावर रांगेला नाही कसं म्हणायचं? कुणाचं रांगणारं लेकरू उभं राहिलं, कुणाचा ताप उतरला. लोक पाया पडत होते आणि तिलाही बरं वाटत होतं, खोटं कशाला बोला. घटकांना वजन नसतं, त्यामुळं टोपली हातात होती तशीच वाटत होती. ऊन कलताना शिक्का आला.

दुसऱ्या सकाळी घरी पोचून तिनं फडक्याचा कोपरा उचलला. तळाशी मूठभर उरल्या होत्या. एवढ्याशा घटकांत कळा सुरू होतील, पण सुटका व्हायची नाही, हे तिला नाही तर कुणाला कळणार?

"पोरी, थांब. म्या पुन्यांदा जाते," ती म्हणाली. "आठ दिसांत येते."

"पाच म्हयने थांबले की, आत्याबाई. अजून किती थांबू? सोडा त्या!"

"देवानं आणलं तर पुरतील," गौरम्मा म्हणाली. असलं बोलणाऱ्या बायांना तिनं आयुष्यभर झापलं होतं. तिनं फडकं सोडलं.

घटका पोटावर बसल्या. पाणी गेलं, कळा लागल्या, एकीमागं एक, चांगल्या दणक्यात. गौरम्माच्या हाताला डोकं लागलं, ओलं, जावळाचं. "जोर कर, माय माझी, जोर कर!" आणि शेवटची घटका बसली, खपली.

मोठी कळ आली होती, ती तिथंच राहिली. कळ ओसरायलासुद्धा घटका लागते. शिवकांताचं तोंड उघडं, डोळे वर, आणि कळ पुढंही जाईना, मागंही फिरेना. गौरम्मानं पोट चोळलं, कंबर दाबली, गळ्यातलं लिंग मुठीत धरून रडली. काही हललं नाही.

दारातून सिद्धराम ओरडला, "आई, तू जा! तुझ्याच हातावर बसत्यात त्या!"

सुनेनं तिचं मनगट दोन्ही हातांनी आवळून धरलं होतं. "आत्याबाई, जाऊ नगा," ती कण्हत म्हणाली. "किती ऱ्हायलंय?"

"झालंच की गं माय," गौरम्मा म्हणाली, आणि सुनेची बोटं एकेक करून सोडवू लागली.