डोळे मिटलेला शुभेच्छुक

फॅसिझमवरची जाडजूड पुस्तकं मी बरीच वाचली. त्यांत पलटणी असतात, मशाली असतात, सज्जातून ठोकलेली भाषणं असतात. माझ्या एका जुन्या विद्यार्थिनीनं हे सगळं एका फ्लेक्सवर भागवलं. ती कुरकुंभला केमिकल कंपनीच्या लॅबमध्ये काम करते आणि सुट्टीच्या दिवशी मोबाइलवर शॉर्टफिल्म बनवते.

या फिल्ममध्ये गावात हुकूम निघतो, की साहेबांच्या वाढदिवसाच्या फ्लेक्सवर प्रत्येकाचा फोटो ‘शुभेच्छुक’ म्हणून हवाच. एका कारकुनाचे डोळे नेमके फोटोत मिटतात. ‘साहेब बघवत न्हाईत व्हय रं तुला?’ इथून चौकशी सुरू होते. शेवटी डोळे मिटायचीच धास्ती घेतलेला तो पापणी न लवता बाजारातून चालत राहतो आणि गाव त्याला आदरानं वाट देतं. तो कारकून मी. फारसा अभिनय करावा लागला नाही. नोकरीभर सत्कार समारंभांना मी तसाच बसत आलो होतो.

फिल्म दाखवायला वरवंडात एकच हॉल होता, आणि तो गावपुढारी आप्पांचा. हायवेवर वर्षातून एकदा त्यांचाही फ्लेक्स लागतो. लोकांना निमंत्रणं गेली होती, तेवढ्यात आप्पांनी फिल्म आधी बघायला मागितली. तिच्या मोबाइलवर त्यांनी ती शेवटपर्यंत पाहिली.

“झ्याक हाय,” ते म्हणाले. “फकस्त शेवटी त्यो साहेबांची माफी मागतो आसं दाखव. मंग हॉल तुझाच.”

मला वाटलं, आता ही वाद घालणार आणि हॉल जाणार. तिनं पर्समधून वही-पेन काढून त्यांच्यापुढं ठेवलं.

“मागंल की, आप्पा. कशाची माफी, तेवढं तुमीच लिहून द्या.”

आप्पांनी चष्मा लावला. ‘डोळे मिटल्याबद्दल’ असं लिहिलं. मग स्वतःच लिहिलेलं पुन्हा वाचलं. इतक्या पुस्तकांत मला न सापडलेली फॅसिझमची व्याख्या या पोरीनं त्यांच्याच हातून लिहून घेतली होती.

“लय येड्यावानी दिसतंय हे,” आप्पा पुटपुटले.

“तेवढंच दाखवलंय, आप्पा.”

त्यांनी वही मिटली आणि खिशातून हॉलची किल्ली काढली.

“ने. पर म्या न्हाई येणार. लोकं माझ्या तोंडाकडं बघूनच ठरवत्याल, हसायचं का न्हाई.”

“म्हणून तर या,” ती म्हणाली. “आन् पयलं तुमी हसा.”