एका पातेल्यातलं चॉकलेट

आमची मागणी मान्य झाली आणि माझ्या खोलीवर माणसं यायची बंद झाली.

मागणी साधी होती. अंबडच्या औद्योगिक वसाहतीतल्या एका कारखान्यात कायम कामगार स्टीलच्या ताटात जेवायचे आणि कंत्राटी कामगारांना प्लास्टिकच्या ताटल्या मिळायच्या, त्याही कायमवाल्यांचं जेवण उरकल्यावर. हा काय प्रकार आहे, असं विचारायला कोणी तयार नव्हतं, म्हणून आमच्या संघटनेने विचारलं. पत्रकं मी लिहिली. 'एक कारखाना, एक ताट' ही ओळ माझी आहे. गेटवर, चहाच्या टपरीवर, रिक्षांच्या पाठीवर, सगळीकडे ती चिकटवली. त्या दिवसांत माझी खोली म्हणजे एसटी स्टँड झाली होती. पहिल्या पाळीतून सुटलेले थेट इकडे यायचे, दुसरीला जाणारे इकडून जायचे. कोणी खळ शिजवतंय, कोणी पत्रकं मोजतंय, कोणी माझ्याच कॉटवर घोरतंय. चपला जिन्यात मावायच्या नाहीत म्हणून खालच्या घरमालक काकू ओरडायच्या.

मग व्यवस्थापनाने ताटं बदलली. फोटो निघाले, पेढे वाटले, एकमेकांना मिठ्या मारल्या. दुसऱ्या दिवसापासून जिना रिकामा झाला.

यात कोणाचं चुकलं असं मी म्हणत नाही. माणसांना घरं असतात, पोरंबाळं असतात, ओव्हरटाइम असतो. पण मी विचार करत बसले की ही सगळी माणसं माझ्याकडे येत होती की मागणीकडे? याचं उत्तर कुठल्याही पत्रकात लिहिता येत नाही. ते तपासायचं तर एकदा विनाकारण बोलवून बघायला हवं. ना बैठक, ना निवेदन, ना सह्या. नुसतं या आणि खा.

काय खायला घालायचं हे मात्र लगेच सुचलं, आणि त्याचं कारण थोडं लाजिरवाणं आहे. मागच्या वर्षी कॉलेज रोडच्या एका कॅफेत मी भांडायला गेले होते. तिथे पार्सल न्यायला येणाऱ्या पोरांना बाहेर उन्हात उभं करायचे, आत बसू द्यायचे नाहीत. मॅनेजर येईपर्यंत मला एका टेबलापाशी थांबवलं. शेजारच्या टेबलावर चारपाच जण बसले होते, मध्ये एक छोटं भांडं, त्याखाली दिवा, भांड्यात वितळलेलं चॉकलेट. लांब काट्यांना फळं टोचून सगळे त्याच भांड्यात बुडवत होते. एकीची स्ट्रॉबेरी आत पडली तर सगळे हसले आणि दुसऱ्याने ती शोधून तिच्या तोंडात घातली. मला संताप आला. बाहेर पोरं उन्हात उभी आहेत आणि यांची स्ट्रॉबेरी बुडाली तर यांना केवढी गंमत. मी मॅनेजरशी भांडले, नीट भांडले, पोरांसाठी बाकडं ठेवायला लावलं. पण घरी येताना डोक्यात बाकडं नव्हतं, ते भांडं होतं. त्याला फाँड्यू म्हणतात हे नंतर कळलं. सगळ्यांनी मिळून एका भांड्यात खायचं, एवढाच तो पदार्थ. ही तर माझीच घोषणा. ती त्यांच्याकडे कशी काय गेली?

म्हणून ठरवलं, घरी करायचं. आणि पहिली चूक तिथेच केली. बोलावणं मी पत्रकासारखं लिहिलं.

मला दुसरं लिहिता येत नाही. शाळा सुटल्यापासून मी पत्रकंच लिहिली आहेत. ग्रुपवर टाकलं: 'साथींनो, एका ताटाची लढाई आपण जिंकलो. आता एका पातेल्यात खाऊ. चॉकलेट वाटण्याऐवजी चॉकलेटमध्ये एकत्र फळं बुडवू. रविवारी सायंकाळी पाच वाजता माझ्या खोलीवर बहुसंख्येने उपस्थित राहावे.' वर मुठीचं चित्र.

धडाधड उत्तरं आली. 'पाठिंबा.' 'जाहीर पाठिंबा.' 'आमच्या विभागाचा सक्रिय पाठिंबा.' एकाने लिहिलं, 'चॉकलेट कोणत्या कंपनीचं आहे ते तपासावे.' संघटनेच्या थोरल्या दादांनी तीन मुठी टाकल्या. मला आनंद झाला. हे आता लिहिताना माझंच मला हसू येतं, कारण चळवळीत पाठिंब्याचा अर्थ काय होतो हे माझ्यापेक्षा जास्त कोणाला माहीत असणार? ज्याला यायचं असतं तो 'किती वाजता, आणि खायला काय' असं विचारतो. जो येणार नसतो तो पाठिंबा देतो.

मी मात्र तयारीला लागले. पंचवटीतून फळं आणली: द्राक्षं, केळी, सुरगाण्याकडून येणाऱ्या स्ट्रॉबेरीचा खोका. केकचं सामान मिळतं त्या दुकानातून चॉकलेटची लादी घेतली. शिवाय खारी, कारण आमची निम्मी मंडळी खारीशिवाय काही खात नाहीत. लांब काटे कुठून आणणार? झेंड्याच्या काड्यांची जुडी घरात पडली होती, पण तिला जुनी खळ चिकटलेली. शेवटी पनीर टिक्क्याच्या काड्या आणल्या. भांड्याखाली ठेवायला दिवा नव्हता. मेणबत्ती मोर्चातून उरलेल्या मेणबत्त्या मात्र पिशवीभर होत्या. तीन विटांचे तुकडे मांडले, मध्ये मेणबत्त्या लावल्या, वर पातेलं ठेवून बघितलं. बुडाला काजळी धरली, पण दिसायला झकास दिसत होतं.

सव्वापाच झाले, साडेपाच झाले. उशिरा येणं ही आमची परंपरा आहे, म्हणून मी घाबरले नाही. गॅसवर पाण्याच्या पातेल्यात दुसरं पातेलं ठेवून चॉकलेट वितळवत बसले. जिन्यात पावलं वाजली की उठायचे. ती वरच्या गच्चीवर कपडे काढायला जाणाऱ्या शेजारणीची असायची.

चॉकलेट वितळलं, मग वाट बघून बघून घट्ट व्हायला लागलं. आणि दुसरी चूक इथे झाली. मी आयुष्यात पातेल्यात ढवळून शिजवलेला एकच पदार्थ म्हणजे खळ. मैद्याची, पत्रकं चिकटवायची. खळ घट्ट झाली की काय करायचं हे माझा हात मला न विचारता करतो: पाण्याचा एक हबका मारायचा आणि घोटायचं. मी हबका मारला. चॉकलेट एका क्षणात फाटलं. गुळगुळीत होतं ते वाळूसारखं झालं, मग गोळा, मग चिखल. जितकं घोटावं तितकं आखडत गेलं.

मी ते पातेलं धरून उभी होते तेव्हा दारात काकू आल्या. पाण्याची टाकी भरली, मोटर बंद केलीस का, हे विचारायला. काकू मूळच्या नामपूरकडच्या. शहरात सगळं आयुष्य गेलं तरी नवल वाटलं की तिकडची बोली तोंडात येते, 'आहे'चं 'शे' होतं.

"हाई काय शे?" त्यांनी पातेल्यात वाकून बघितलं. "डांबर का?"

"चॉकलेट आहे काकू. बिघडलं."

"कोन येनार शे?"

"आमची माणसं."

त्यांनी जमिनीवर मांडलेल्या बशा बघितल्या, विटा बघितल्या, मेणबत्त्या बघितल्या. "आज जिन्यात चपला नाय दिसल्या," म्हणाल्या. त्यात टोमणा नव्हता. मला मात्र टोमणाच लागला.

फोनवर शोधलं. चॉकलेट पाण्याने आखडलं तर गरम दूध घालून घोटत राहायचं, ते जरा पातळ राहतं पण परत मऊ होतं. काकू दारातच उभ्या राहून बघत होत्या. मी दूध गरम केलं, थोडं थोडं घातलं, घोटलं. हळूहळू ते परत चकाकायला लागलं. पातेलं विटांवर ठेवलं, एका काडीला केळं टोचलं, बुडवलं, काकूंच्या पुढे धरलं.

"असं बुडवून खायचं असतं. बसा ना."

"सगळ्यांनी एकाच भांड्यात?"

"हो. तीच तर गंमत आहे."

"मग उष्टं नाय होत?"

"काडी बुडवायची काकू, तोंड नाही."

"काडी तोंडात घालशील ना? परत बुडवशील ना?"

कॅफेतल्या लोकांनी हा प्रश्न एकमेकांना कधी विचारला नसेल. काकू म्हणाल्या, "थांब," आणि जिना उतरून गेल्या. परत आल्या तेव्हा त्यांच्या हातात त्यांची वाटी होती, स्टीलची, बुडाला नाव कोरलेली.

इथे थोडं सांगायला हवं. आम्ही बौद्ध. मी खोली बघायला आले होते तेव्हा काकूंनी आडनाव विचारलं होतं आणि ऐकून 'बरं' म्हणाल्या होत्या. त्या 'बरं'चा अर्थ मी अजून लावते आहे. भाडं वेळेवर घेतात, कुरियर सांभाळतात, तापात होते तेव्हा मऊ भात आणून दाराशी ठेवला होता. दाराशीच का, आत का नाही, हेही मी अजून लावते आहे. माझ्यासारखीला हा हिशेब सुटत नाही, आणि सुटू नये असंच मला वाटतं. ज्यांना तो कधी करावा लागला नाही तेच म्हणतात की किती मनाला लावून घेतेस.

तर वाटी बघून माझं डोकं फिरलं. ताटांवरून वर्षभर भांडलेली बाई मी. सरळ विचारलं.

"काकू, स्पष्ट विचारते. माझ्या बशीत चाललं नसतं का?"

त्या गडबडल्या नाहीत. "तुझ्या बशा पाव्हन्यांना लागतील ना," म्हणाल्या.

हे खरं असेल. सोयीचंही असेल. त्यांच्या चेहऱ्यावरून काही कळेना. आणि मला सगळ्यात जास्त झोंबलं ते भलतंच: पाहुणे येतील यावर त्यांचा अजून विश्वास होता. माझा उडाला होता.

मी पळीने त्यांच्या वाटीत चॉकलेट वाढलं, वर चार द्राक्षं. त्या उंबऱ्याच्या आत भिंतीला टेकून बसल्या आणि बोटाने चाटून खाल्लं. "गोड शे," म्हणाल्या. "पर कडू बी हाय." मग पाणी मागितलं. माझ्या पेल्यातून प्यायल्या, वरून, तोंड न लावता. घरीही त्या तशाच पितात, जाता-येता दारातून मी बघितलं आहे. म्हणजे त्यावरूनही काही सिद्ध होत नाही. मग त्यांच्या मुलाचं निघालं. तो पुण्याला असतो. मागच्या खेपेला आला तेव्हा जेवण बाहेरून मागवलं, जो तो आपापला डबा घेऊन आपापल्या मोबाइलपुढे बसला. "घरात भांडी पडली नाय धुवायला," एवढंच म्हणाल्या आणि मोटर बघायला उठल्या.

त्या गेल्यावर मी एकटीने स्ट्रॉबेरी बुडवून खाल्ली. एकटीने खाताना फाँड्यू हा अगदी मूर्ख पदार्थ आहे. काडी, टोचणं, बुडवणं, थेंब सांडू नये म्हणून खाली हात धरणं, आणि बघायला कोणी नाही. माझी स्ट्रॉबेरी आत पडली. मी ती पळीने काढली. मेणबत्त्या फुंकल्या, मोर्चातल्या वाऱ्यात विझू नयेत म्हणून किती जपल्या होत्या त्या.

सकाळी ग्रुप उघडला. थोरल्या दादांचा मेसेज होता: 'कालचा एका पातेल्याचा कार्यक्रम यशस्वी केल्याबद्दल सर्व साथींचे अभिनंदन.' खाली बारा-पंधरा मुठी. मी लिहिलं, 'कोणी आलंच नाही.' पाठवण्याआधी पुसलं. नंतर परत लिहिलं आणि पाठवलं. कारण खोटा अहवाल जाऊ द्यायचा नाही हे मला त्याच लोकांनी शिकवलंय. मग एकाने लिहिलं, 'पुढच्या वेळी व्यापक नियोजन करू.'

संध्याकाळी काकू तीच वाटी घेऊन परत दारात. "उरलं का? पोळीला लावून बरं लागेल." मी वाढलं. या वेळी वाटीवरून काही विचारलं नाही. त्या आज दाराशी न थांबता कॉटच्या कडेवर बसल्या आणि पायाच्या दुखण्याचं सांगत राहिल्या. मी ऐकत होते आणि मला दुसऱ्याच कोणाची तरी आठवण येत होती, हेही खरं. पॅकिंगमधल्या एकीची. ती यायची तेव्हा आल्या आल्या चपला काढून याच कडेवर बसायची आणि घोषणेतले माझे मोठे शब्द खोडायची. "हे आमच्या लाइनीत कोणाला कळणार नाय," म्हणायची.

काकू गेल्यावर तिला फोन लावला. मेसेज नाही, फोन.

"काय झालं?" तिने उचलताच विचारलं. "कोणाला काढलं का?"

"नाही."

"मग? नोटीस आली?"

"काही नाही आलं. चॉकलेट उरलंय. येतेस का?"

तिच्याकडे कुकरची शिट्टी झाली. "नुसतं चॉकलेट?" म्हणाली.

"नुसतं."

"काही लिहायचंबिहायचं नाय ना?"

"नाही गं. तू ये फक्त."

"बघते," ती म्हणाली. "उद्या दुसरी पाळी हाय. बघते."

आमच्याकडे बघते म्हणजे बहुतेक वेळा नाहीच. मला माहीत आहे. पातेलं मी झाकून फ्रीजमध्ये ठेवलं, उरलेल्या काड्या धुऊन उभ्या केल्या. पाठिंबा असं ती म्हणाली नाही, एवढं एक धरून बसले आहे.